पहिली ओळ सगळ्यांना पाठ, शेवटच्या ओळीचं काय?

जुनी_वही

"ऊस डोंगा परी रस नोहे डोंगा, काय भुललासी वरलिया रंगा." ही ओळ कानावरून गेलेली नाही असा मराठी माणूस शोधून सापडायचा नाही. शाळेच्या फळ्यावर सुविचार म्हणून असते, व्हॉट्सॲपवर 'रूपावर जाऊ नका' म्हणून फिरते, सत्काराच्या भाषणात तर हमखास येते. ओळ संत चोखामेळ्यांची. चोखोबा गेले १३३८ साली. मंगळवेढ्याला गावकुसाचं काम चाललं होतं, ते कोसळलं आणि बाकीच्या मजुरांबरोबर तेही त्याखाली सापडले. म्हणजे जवळपास सातशे वर्षं ही ओळ लोकांच्या तोंडात आहे. मधे किती राज्यं आली गेली, छापखाना तर परवा परवा आला म्हणायचा, तरी ओळ आहे तिथेच. थोर लेखकांचं मोठं मोठं लिखाण कपाटात राहतं आणि त्यातल्या दोन-चार ओळी मात्र माणसांबरोबर हिंडतात, ह्याचं मला फार अप्रूप वाटतं.

पण मला बोलायचंय ते पुढच्या गोष्टीबद्दल. हा अभंग तिथे संपत नाही. उसानंतर कमान येते, कमान वाकडी पण तीर सरळ. मग नदी येते, नदी वाकडी पण पाणी वाकडं नाही. आणि शेवटी येतं, "चोखा डोंगा परी भाव नोहे डोंगा". ही ओळ किती जणांना पाठ आहे? ऊस, कमान, नदी ही सगळी तयारी होती हो, ह्या एका ओळीसाठी. ज्या माणसाला देवळाच्या दाराबाहेर उभं ठेवलं तो माणूस स्वतःचं नाव घेऊन सांगतोय की तुम्ही मला वाकडा म्हणता ना, म्हणा, माझा भाव वाकडा नाही. ती ओळ काढली की उरतो तो गुळगुळीत सुविचार, जो कुणीही कुणालाही ऐकवावा. ती ठेवली की तो जाब होतो.

म्हणून धागा काढला. तुमच्या मनात घर करून बसलेली एक ओळ किंवा चार ओळी सांगा, पण नुसत्या नको, त्यांच्या पुढेमागे काय आहे तेही सांगा. अभंग, कविता, गद्य, काहीही चालेल.

तापीकाठ

छान विषय काढलात जुनी वही. आमच्या खान्देशात ह्याला एकच उत्तर, बहिणाबाई.

"अरे संसार संसार, जसा तवा चुल्ह्यावर, आधी हाताला चटके, तंव्हा मियते भाकर." लग्नाच्या आहेरावर, स्टीलच्या डब्यावर, रिक्षाच्या मागे, कुठे कुठे पाहिलंय मी हे. आणि बोलताना लोक कसं वापरतात तर उसासा टाकून, म्हणजे काय करणार बाई, संसार म्हणजे चटकेच. पण पुढे बाई काय म्हणते बघा ना, "अरे संसार संसार, खोटा कधी म्हनू नही, राउयाच्या कयसाले लोटा कधी म्हनू नही." देवळाच्या कळसाला लोटा म्हणू नको! आणि अजून पुढे, "येड्या, गयांतला हार, म्हनू नको रे लोढनं." म्हणजे पहिलं कडवं तक्रारीचं वाटतं आणि अख्खी कविता तक्रार करणाऱ्याचेच कान धरते. हे बोलणारी बाई लहान वयात लग्न होऊन आली, तिशीतच विधवा झाली, आयुष्यभर शेतात राबली, तिला म्हणायचा हक्क आहे ना. चटके खाऊन झाल्यावर म्हणतेय ती.

आणि एक गोष्ट, त्यांना लिहिता वाचता येत नव्हतं. आसोद्याचं माहेर, जळगावचं सासर, जात्यावर आणि शेतात गाणी सुचायची, जवळच्यांनी जमेल तशी उतरवून घेतली. १९५१ ला त्या गेल्या आणि त्यानंतर मुलाने, सोपानदेवांनी, ती वही अत्र्यांना दाखवली, १९५२ ला पुस्तक आलं. म्हणजे जे कुणी ऐकून लिहून घेतलं नाही ते सगळं बाईंबरोबरच गेलं. आपल्या हातात आलंय ते उरलंसुरलं आहे, आणि तेवढ्याने सुद्धा आज विद्यापीठाला नाव आहे त्यांचं.

(आमच्याकडे 'मिळते' नाही, 'मियते'. पुस्तकातलं छापील काही वेगळं असेल तर असू द्या, मी घरी ऐकलंय तसं टाइप केलंय.)

मांडवीकाठ

गोव्यातून लिहितोय. आमचे बाकीबाब बोरकर.

"दिव्यत्वाची जेथ प्रचीती, तेथे कर माझे जुळती." आता ही ओळ तुम्ही कुठे वाचली आठवा. मानपत्रावर. पुढाऱ्याच्या वाढदिवसाच्या बॅनरवर. कुणी मोठी असामी गेली की पेपरातल्या श्रद्धांजलीत. म्हणजे ज्याचं नाव आधीच सगळ्यांना ठाऊक आहे त्याच्या फोटोखाली. आणि कविता कुणाबद्दल आहे? ज्यांची जग गणती करत नाही त्यांच्याबद्दल! कपाळाचा घाम गाळून मळे फुलवणारे, येऊन निघून जाणारे, आणि ज्यांच्या दहनभूमीवर "नाही चिरा, नाही पणती" असे लोक. कवी हात जोडतोय तो त्यांना.

मला हे पहिल्यांदा नीट कळलं तेव्हा अंगावर काटा आला होता. एवढ्या मोठ्या कवितेची एक ओळ घेऊन ती बरोबर उलट माणसांच्या गळ्यात घालतो आपण. बाकीबाबांनी पोर्तुगीज अमलाखालचा गोवा बघितलाय, मुक्तीसाठी झटलेली, नावं कुठेच न लागलेली माणसं बघितलीयेत, त्यामुळे ती ओळ हवेतून आलेली नाही असं मी तरी मानतो.

रविवार_सकाळ

धागा आवडला पण जरा वेगळं मत मांडतो, राग नसावा.

तुम्ही सगळे असं धरून चाललाय की ओळ टिकते ती काहीतरी सांगते म्हणून, आणि मग ते सांगणं अर्धवट राहिलं की तुम्हाला वाईट वाटतं. पण जी कविता काहीच सांगत नाही ती का टिकते? बालकवींचा औदुंबर घ्या. आठ ओळी. "ऐल तटावर पैल तटावर हिरवाळी घेउन, निळासांवळा झरा वाहतो बेटाबेटातुन." मग चार घरांचं चिमुकलं गाव, शेतमळे, मग ती पांढरी पायवाट जी आडवीतिडवी काळ्या डोहाकडे जाते, आणि शेवटी "पाय टाकुनी जळांत बसला असला औदुंबर". संपलं. उपदेश नाही, नाव नाही, फिर्याद नाही, कुणाच्या सत्काराला उपयोग नाही, बॅनरवर टाकायची सोय नाही. तरी शंभर वर्षं लोकांना पाठ आहे, आणि समीक्षकांनी तिच्यावर इतकं लिहिलंय की त्या आठ ओळींच्या कित्येक पट कागद झाला असेल. कुणाला त्यात मृत्यू दिसला, कुणाला विरक्त योगी दिसला, कुणी म्हणालं हे नुसतं निसर्गचित्र आहे, उगाच काही शोधू नका.

मला काय वाटतं सांगू का, मी ती डोळ्याने म्हणतो. म्हणजे वरून खाली येताना रंग कसे बदलतात बघा, हिरवं, निळं, परत हिरवं, पांढरं, मग एकदम काळं. दोन दोन ओळींत नजर एकेक टप्पा खाली उतरते आणि डोहाशी येऊन थांबते, आणि तिथे कुणीतरी आधीच बसलेलं असतं. हे शिकवून होत नाही. बालकवी १९१८ मध्ये भादलीजवळ रेल्वेखाली सापडून गेले, अठ्ठावीस वर्षंही पूर्ण नव्हती झाली. एवढ्याशा आयुष्यात आठ ओळींत एवढं करून ठेवलं.

तर मुद्दा असा की टिकण्याचा आणि अर्थाचा संबंध आपण समजतो तेवढा सरळ नसावा.

जुनी_वही

@रविवार_सकाळ राग कसला, उलट हेच हवं होतं. रंगांचं फारच सुंदर सांगितलंत, आता औदुंबर वाचताना ते डोळ्यासमोर येणारच.

पण एक बघा, औदुंबराची कुणी एकच ओळ म्हणत नाही. म्हणायला लागलं की आठही म्हणावी लागतात, कारण प्रत्येक ओळ पुढच्या ओळीचा हात धरून उभी आहे. ती सुटी होत नाही म्हणून सुरक्षित राहिली. चोखोबांची किंवा बाकीबाबांची ओळ सुटी होऊ शकते, तिथेच तर पंचाईत.

खडूफळा

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहे. भिंतीवर काय लिहायचं हा प्रश्न आमच्याकडे दर रंगरंगोटीला येतो त्यामुळे ह्या विषयावर बोलायलाच पाहिजे मला.

महात्मा फुल्यांच्या ओळी बहुतेक शाळांत असतात. "विद्येविना मति गेली, मतीविना नीति गेली, नीतीविना गति गेली, गतीविना वित्त गेले, वित्ताविना शूद्र खचले, इतके अनर्थ एका अविद्येने केले." 'शेतकऱ्याचा असूड' ह्या पुस्तकाच्या सुरुवातीला आहेत, १८८३ चं पुस्तक. आता ह्या ओळी पोरांना पाठ करून घ्याव्या लागत नाहीत, हा माझा रोजचा अनुभव. एक ओळ जिथे संपते तो शब्द पुढच्या ओळीच्या सुरुवातीला येतो, त्यामुळे पोरगं मधेच विसरूच शकत नाही, आणि क्रमही चुकू शकत नाही कारण मति आल्याशिवाय नीति येणार कुठून. फुले शिक्षक होते, ऐकणाऱ्याला अक्षर येत नसणार हे त्यांना पक्कं माहीत होतं, ऐकून लक्षात राहील असंच लिहिलंय.

पण भिंतीवर काय होतं, तर 'वित्ताविना शूद्र खचले' ही ओळ गाळलेली असते. मी कितीतरी ठिकाणी पाहिलंय. चार ओळी झाल्या की थेट 'इतके अनर्थ एका अविद्येने केले'. पेंटरला विचारलं तर म्हणतो नमुना असाच दिलेला. ज्याने कुणी गाळली त्याला वाटलं असणार की शब्द कशाला, उगाच वाद. पण ती ओळ गेली की कुणाचं काय गेलं हेच कळत नाही. विद्या नसली की वाईट होतं, एवढंच उरतं, आणि ते तर कुणीही म्हणेल. फुल्यांना कोण खचलं ते सांगायचं होतं. साखळीतली कडीच काढली की साखळी तुटते, आणि बघणाऱ्याला तुटलेली दिसतही नाही.

आमच्या शाळेत मी पूर्ण लिहून घेतल्यात. पोरांनी विचारलं शूद्र म्हणजे काय, तर त्यावर एक अख्खा तास झाला, आणि माझ्या नोकरीतला तो चांगला तास होता.

स्वरओढ

गाण्याच्या बाजूने सांगते. "अवघा रंग एक झाला, रंगी रंगला श्रीरंग." किशोरीताईंच्या आवाजात ऐकलं नाही असं मराठी घर विरळा. आषाढीला सकाळपासून लागतं. आणि ऐकणाऱ्याला विचारा हा अभंग कुणाचा, तर तुकारामांचा म्हणतात, नामदेवांचा म्हणतात, कुणी ज्ञानोबांचा पण म्हणतं.

अभंगातच सही आहे हो, शेवटच्या चरणात. "म्हणे चोखियाची महारी." सोयराबाई. चोखोबांची बायको. म्हणजे वरती जे चोखोबांबद्दल लिहिलंय त्यांच्याच घरातली बाई म्हणतेय की अवघा रंग एक झाला, मी-तूपण गेलं, भेदाचं काम उरलं नाही. हे बाहेर उभी असलेली बाई म्हणतेय! तिने स्वतःचं नाव सुद्धा नाही घातलं, नवऱ्याचं नाव आणि गावाने दिलेली जात, एवढीच ओळख घातली. त्या ओळखीसकट म्हणते की भेद उरला नाही. शेवटचं चरण ऐकून परत पहिल्या ओळीवर या, तोच 'अवघा' शब्द केवढा मोठा होतो बघा.

मी क्लासमध्ये मुलींना हा शिकवते तेव्हा आधी शेवटचं चरण सांगते, मग सूर लावायचा.

तापीकाठ

@स्वरओढ ताई हे वाचून एकदम गप्प बसलो. आईला वाचून दाखवलं.

आडवाटेने

मला हे सगळं जरा जड वाटतंय, बोलतो स्पष्ट. माझी आजी पंढरीची वारी करायची. तिला गाथा वाचता येत नव्हती. दोन-चार अभंगांच्या पहिल्या ओळी तिच्या तोंडात असायच्या, काम करता करता म्हणायची, "सुख पाहता जवापाडे, दुःख पर्वताएवढे" म्हणायची आणि पुढच्या कामाला लागायची. घरात माणूस गेलं तेव्हा पण हेच म्हणाली. तिला कुणी विचारायला गेलं का की आजी पुढचं चरण येतं का? तिला ती एक ओळ पुरली, तीवर तिने आयुष्य काढलं. आता तुम्ही म्हणताय की अर्धी ओळ म्हणजे अर्धवट. मला नाही पटत. थोर लेखकाचं थोरपण हेच की त्याची एक ओळ सुद्धा माणसाला उभं करते. पूर्ण वाचण्याची अट घातली तर मग साहित्य फक्त आपल्यासारख्या पुस्तकवाल्यांचं.

जुनी_वही

@आडवाटेने तुमच्या आजींबद्दल लिहिलंत ते मनापासून आवडलं, आणि त्यांना अर्धवट म्हणायची माझी छाती नाही. पण मला वाटतं तुमचं म्हणणं आणि माझं म्हणणं एकाच बाजूला आहे, कसं ते सांगतो.

वारीतला अभंग ऐका. दिंडीत कधी कुणी अभंग पहिल्या ओळीवर सोडून देतं का? चरण एकेक करून पुढे जातं, आणि 'तुका म्हणे' आलं की टाळ मृदंग कसा चढतो, सगळे उसळतात. कीर्तनकार सुद्धा निरूपणाला अभंग घेतो तो शेवटच्या चरणापर्यंत सोडत नाही, नाव आल्याशिवाय कीर्तन उतरत नाही. म्हणजे ज्यांना अक्षरओळख नव्हती त्या लोकांनी अभंग पूर्ण सांभाळला, सहीसकट. इंद्रायणीत तुकोबांच्या वह्या बुडवल्या त्याची कथा आपण सगळे ऐकत आलोय, वह्या तरल्या की नाही ते ज्याच्या त्याच्या श्रद्धेवर, पण अभंग लोकांच्या मुखात होता म्हणून राहिला असं वारकरी म्हणतात आणि ते मला पटतं. १८६९ ते १८७३ मध्ये मुंबई सरकारच्या पैशातून इंदुप्रकाश छापखान्याने गाथा छापली, तोवर सव्वादोनशे वर्षं लोकांनीच तर सांभाळला होता, काही वह्यांत, बाकी गळ्यात. साडेचार हजारांच्या वर अभंग!

तोडलं कुणी, तर आपण. लिहिता वाचता येणाऱ्यांनी. बॅनरची जागा, मानपत्राची चौकट, स्टेटसची लांबी, त्यात मावेल तेवढं ठेवलं. तुमच्या आजींनी सुख पाहता जवापाडे म्हटलं तेव्हा त्यांनी आधी पुढचं सगळं भजनात ऐकलेलं होतं, शेकडो वेळा. "नको नको मना गुंतू मायाजाळी" म्हटलं की जसा पुढचा सूर आपोआप कानात वाजतो तसं. एक ओळ म्हणत असतील पण त्यांच्या आत अख्खा अभंग होता. आपल्याकडे फक्त ओळच येते.

आडवाटेने

हे पटलं. आजीला भजनाची सवय होती हे खरंय, दर एकादशीला. बरं, मग आता मी तिच्या त्या अभंगाचं पुढचं शोधतो.

दूरदेशी

टोरांटोवरून. इथे आमच्या मराठी शाळेत दर रविवारी पोरं शेवटी पसायदान म्हणतात. इथे जन्मलेली पोरं, 'ळ' नीट येत नाही, तरी नऊच्या नऊ ओव्या म्हणतात. ज्ञानेश्वरीत नऊ हजारांवर ओव्या आहेत, त्यातल्या अगदी शेवटाजवळच्या नऊ, १२९० सालच्या. आम्ही पालक ज्ञानेश्वरी किती वाचलीय ते देवाला माहीत, पण ह्या नऊ ओव्या समुद्र ओलांडून आल्या. एक मुलगी मला विचारत होती की "जे खळांची व्यंकटी सांडो" मध्ये वाईट लोक नष्ट होवोत असं का नाही म्हटलं, फक्त त्यांचा वाकडेपणाच का जावा. अकरा वर्षांची पोर. मी म्हटलं पुढची ओळ वाच, "भूतां परस्परें पडो मैत्र जीवांचें", सगळ्यांची मैत्री मागायची असेल तर कुणाला नष्ट करून कसं चालेल. ती म्हणाली मग शाळेत जो मला चिडवतो तो पण ह्यात येतो का. येतो म्हटलं.

धाग्याच्या विषयाला धरून अजून एक, "लहानपण देगा देवा". बालदिनाला, शाळेच्या जुन्या फोटोवर, कॉलेजच्या ग्रुपवर, बालपणीच्या आठवणी म्हणून. तुकोबांना शाळेतली मजा आठवत नव्हती हो! "मुंगी साखरेचा रवा, ऐरावत रत्न थोर, त्यासी अंकुशाचा मार." मोठेपणाला मार आहे म्हणून लहान कर म्हणतायत. दुष्काळात घरदार पोळलेला, कर्जखतं इंद्रायणीत बुडवली असं ज्याच्याबद्दल सांगतात, त्या माणसाचं मागणं आहे ते.

पावसाळी_पाखरू

विंदा राहिले! "देणाऱ्याने देत जावे, घेणाऱ्याने घेत जावे." देणगीच्या पावतीवर छापलेलं बघितलंय, रक्तदान शिबिराला तर असतंच. आणि शेवट, "घेता घेता एक दिवस देणाऱ्याचे हात घ्यावे", तो नसतो. अरे सगळी कविता त्यासाठी आहे. घेणाऱ्याने घेतच बसायचं नाहीये, देणारा व्हायचंय.

मांडवीकाठ

गद्याचं कुणी बोललंच नाही अजून. गद्यातलं काय राहतं लक्षात?

खडूफळा

'श्यामची आई'. साने गुरुजींनी नाशिकच्या तुरुंगात १९३३ मध्ये लिहिलं. आंघोळ झाल्यावर श्यामला ओले तळवे मातीला लागू द्यायचे नसतात, तर आई लुगड्याचा ओचा धोंड्यावर पसरते आणि त्याला त्यावर पाय ठेवायला सांगते. मग म्हणते पायाला घाण लागू नये म्हणून जपतोस तसं मनाला घाण लागू नये म्हणून जप. आता शब्द प्रत्येकाचे थोडे वेगळे असतात, मी वर्गात विचारलं तर दहा पोरं दहा तऱ्हेने सांगतात, पण ओचा पसरलेला प्रत्येकाला दिसतो. कवितेत शब्द राहतात, गद्यात प्रसंग राहतो असं मला वाटतं. आणि प्रसंगाला कात्री लावता येत नाही सहजी, ओचा पसरल्याशिवाय ते वाक्य नुसतं उपदेशाचं होतं, पोरं ऐकत पण नाहीत.

रविवार_सकाळ

@खडूफळा सर, प्रसंगाला कात्री लावता येत नाही हे मात्र लाखमोलाचं. मी माझं आधीचं म्हणणं थोडं पुढे नेतो, औदुंबर सुद्धा एक प्रसंगच आहे मग. म्हणून पूर्ण राहिला.

सहज_म्हणून

प्रश्न विचारू का. "जे का रंजले गांजले, त्यासी म्हणे जो आपुले, तोचि साधू ओळखावा, देव तेथेचि जाणावा" ह्याच्या पुढे काय आहे? आमच्या सोसायटीत समाजसेवेचा कार्यक्रम आहे, निमंत्रणावर हेच टाकायचं चाललंय. हा धागा वाचून वाटलं आधी विचारावं.

जुनी_वही

@सहज_म्हणून बरं झालं विचारलंत. असं आहे ते, पाठभेद थोडेफार असतात:

जे का रंजले गांजले । त्यासी म्हणे जो आपुले ॥
तोचि साधू ओळखावा । देव तेथेचि जाणावा ॥
मृदु सबाह्य नवनीत । तैसे सज्जनाचे चित्त ॥
ज्यासी आपंगिता नाही । त्यासी धरी जो हृदयी ॥
दया करणे जे पुत्रासी । तेचि दासा आणि दासी ॥
तुका म्हणे सांगू किती । तोचि भगवंताची मूर्ति ॥

पाचवी ओळ सावकाश वाचा. रंजल्या गांजल्याला आपलं म्हणणं त्या मानाने सोपं, वर्षातून एकदा जाऊन ब्लँकेट वाटून येता येतं. पण मुलावर करतो तीच माया घरात राबणाऱ्यांवर करायची, हे आपल्या घरात येऊन विचारतात तुकोबा. पोराला ताजी पोळी आणि कामवाल्या मावशींना कालची, हे किती घरांत चालतं. पोराला ताप आला तर सुट्टी आणि मावशींना ताप आला तर खाडा. तुकोबांनी ते चारशे वर्षांपूर्वी नेमकं बघितलंय.

सहज_म्हणून

वाचलं. आमच्या लिफ्टशेजारी पाटी आहे, घरकाम करणाऱ्यांनी मागची लिफ्ट वापरावी म्हणून. मागची अर्धा वेळ बंदच असते, मग त्या बायका जिन्याने चढतात, सातव्या मजल्यापर्यंत. आता निमंत्रणावर पहिल्या दोनच ओळी टाकायला मन तयार होईना. कमिटीच्या ग्रुपवर सहाही ओळी टाकल्यात आणि म्हटलंय छापायचा तर पूर्ण अभंग छापा. दोघांनी अंगठा दिलाय, एक जण म्हणाले जागा पुरणार नाही.

स्वरओढ

जागा पुरते. फोटो लहान करायला सांगा, प्रमुख पाहुण्यांचे.

खडूफळा

दोन रकाने करा, तीन तीन ओळी, नीट बसतं, मी भिंतीवर असंच बसवतो. आणि निमंत्रण एकदा वाचून फेकून देतात, त्यापेक्षा तळमजल्यावर नोटीस बोर्ड असेल ना, तिथे पण खडूने लिहा, ठसठशीत अक्षरात, त्या पाटीच्या अगदी बाजूला. पाटीबद्दल कमिटीकडे लेखी अर्ज वेगळा द्या, अभंगावर सगळं सोडू नका. अर्जाचा मसुदा हवा असेल तर सांगा, उद्या शाळा सुटल्यावर लिहून टाकतो इथे.

सहज_म्हणून

हवाय सर. आणि सातव्या मजल्यावर ज्या मावशी येतात त्यांना विचारलं अर्जावर सही करणार का, तर म्हणाल्या आधी काय लिहिलंय ते पूर्ण वाचून दाखवा.